आगकाड्यांची मौज
दादासाहेब फाळके (१८७०–१९४४) यांचा वस्तुसचेतन लघुपट (१९१५). निर्जीव वस्तू किंचित सरकवून प्रत्येक स्थितीचे एकेक चित्र टिपल्यास पडद्यावर ती आपोआप चालल्याचा भास होतो. मूकपटांच्या काळी सेकंदास सुमारे १६ चित्रे लागत. त्यामुळे हे काम विलक्षण चिकाटीचे होते. फाळके यांच्या अंगी ती होती. १९१२ मध्ये त्यांनी वाटाण्याच्या रोपाची कित्येक दिवसांची वाढ थोड्याथोड्या अवधीने चित्रित केली आणि राजा हरिश्चंद्र (१९१३) या चित्रपटासाठी भांडवल मिळविताना तोच लघुपट उपयोगी पडला. रोप स्वतः वाढत होते; काड्या मात्र हातानेच हलवाव्या लागल्या. फ्रान्समध्ये एमील कोल यांनी १९०८ मध्येच असा खेळ केला होता. फाळके यांच्या लघुपटाची प्रत आज उपलब्ध नाही.