इंडो-यूरोपीय व उराली भाषा : सर्वनामे आणि ऐतिहासिक संबंध

इंडो-यूरोपीय आणि उराली ही स्वतंत्र मानली जाणारी दोन भाषाकुले एकाच अधिक प्राचीन भाषेतून निघाली असावीत, या तर्कास इंडो-उराली सिद्धांत म्हणतात. त्याचा मुख्य आधार पुरुषवाचक सर्वनामांतील साम्य हा आहे. पहिल्या कुलात संस्कृत, ग्रीक, लॅटिन, मराठी इ. भाषा येतात, तर दुसऱ्यात फिनिश, एस्टोनियन, हंगेरियन, सामी, मारी, मोर्द्विन व सायबेरियातील नेनेत्स यांसारख्या भाषा मोडतात. व्हिल्हेल्म थॉमसेन यांनी १८६९ मध्ये अशा नात्याची शक्यता सुचविली आणि निकोलाय अँडरसन यांनी १८७९ मध्ये या विषयावर स्वतंत्र ग्रंथ लिहिला. पुढे ब्यॉर्न कॉलिंडर (१९३४), बोयान चोप आणि अलीकडे फ्रेडरिक कोर्टलांट यांनी सिद्धांताची बाजू मांडली. तो सर्वमान्य झालेला नाही.

पुरुषवाचक सर्वनामे : उराली भाषांत प्रथमपुरुषी एकवचनाला ‘म’ व द्वितीयपुरुषी एकवचनाला ‘त’ हे व्यंजन बहुतेक ठिकाणी आढळते. मोर्द्विन भाषेत ‘मी’ला ‘मोन’ व ‘तू’ला ‘तोन’ म्हणतात, तर फिनिशमध्ये ‘मिनॅ’ व ‘सिनॅ’ अशी रूपे आहेत. ‘सिनॅ’तील ‘स’ मूळच्या ‘त’पासून आला आहे, कारण फिनिशमध्ये इकारापूर्वीच्या ‘त’चा ‘स’ झाला. हाताला ‘कॅसि’ म्हणतात, पण ‘हाताचा’ म्हणताना ‘कॅदेन’ असे रूप होऊन जुने दंत्य व्यंजन पुन्हा दिसू लागते. संस्कृतातील ‘माम्, मम, मे’ आणि ‘त्वम्, तव, ते’ ही रूपे यांच्या शेजारी ठेवली की साम्य लगेच डोळ्यांत भरते.

मात्र संस्कृत ‘अहम्’, लॅटिन ‘एगो’ या प्रथमेच्या रूपाला उराली भाषांत निर्विवाद जोड नाही. ‘म’ हा इंडो-यूरोपीयमध्ये केवळ द्वितीयादी विभक्तींचा अंश आहे. आजच्या रूपांवर विसंबणे किती धोक्याचे असते, हे मराठीवरून स्पष्ट होते. मराठी ‘मी’ फिनिश ‘मिनॅ’च्या जवळचा वाटतो, परंतु तो संस्कृत तृतीयेच्या ‘मया’पासून प्राकृतमार्गे आलेला असून ‘अहम्’चा वंशज मराठीने गमावला आहे, कोकणी ‘हांव’ आणि गुजराती ‘हुं’ यांनी तो राखला आहे. म्हणून तुलना पुनर्रचित, म्हणजे ज्ञात रूपांवरून मागे जाऊन अनुमानलेल्या, मूळरूपांचीच करावी लागते.

प्रत्ययरूप सर्वनामे : नात्याच्या पुराव्यात सुट्या शब्दांपेक्षा प्रत्ययांचे मोल अधिक, कारण शब्द सहज उसने घेतले जातात, प्रत्ययांची व्यवस्था क्वचितच. हंगेरियनमध्ये ‘केझ’ म्हणजे हात, ‘केझेम’ म्हणजे माझा हात व ‘केझेद’ म्हणजे तुझा हात. सर्वनाम येथे नामाला चिकटले आहे. क्रियापदांत फिनिश ‘तुलेन’ (मी येतो), ‘तुलेत’ (तू येतोस), ‘तुलेम्मे’ (आम्ही येतो), ‘तुलेत्ते’ (तुम्ही येता) अशी रूपे होतात व पहिल्यातील ‘न’ जुन्या ‘म’पासून आला आहे. संस्कृत ‘भरामि’तील ‘-मि’शी त्याचा मेळ बसतो. द्वितीयपुरुषी एकवचनात मात्र संस्कृत ‘भरसि’मध्ये ‘स’ दिसतो. इंडो-यूरोपीयमध्येही इकारापूर्वी ‘त’चा ‘स’ झाला असावा, असे स्पष्टीकरण काही अभ्यासक देतात, पण तेवढ्याने शंका मिटत नाही. ‘वेत्थ’ (तू जाणतोस) या रूपातील ‘थ’ या दृष्टीने लक्षात घेण्यासारखा आहे.

प्रश्नार्थक सर्वनामे : संस्कृत ‘कः’, हंगेरियन ‘कि’ व फिनिश ‘कुका’ (कोण) यांत ‘क’ समान आहे.

आक्षेप : ‘म’ आणि ‘त’ ही उच्चारास सोपी व जगभर आढळणारी व्यंजने असल्याने केवळ योगायोगानेही असे साम्य उद्भवू शकते. शिवाय प्रथमपुरुषी ‘म’ तुर्की गटातील भाषांच्या सर्वनामांतही दिसतो. जोहाना निकल्स यांनी ‘म–त’ जोडीचा हा विस्तृत उत्तर यूरेशियाई पट्टा नकाशावर दाखविला आहे. त्यामुळे हे साम्य या दोनच कुलांच्या खास नात्याचे लक्षण मानणे अवघड होते. अलेक्सेइ कास्यान, मिखाइल झिवलोव व गेओर्गी स्तारोस्तिन यांनी २०१५ मध्ये ५० मूलभूत शब्दांची संख्याशास्त्रीय तुलना करून योगायोगाची शक्यता अत्यल्प ठरविली, पण त्यांच्या मोजक्या जुळण्यांतही ‘मी’, ‘तू’ आणि ‘कोण’ यांचाच भार मोठा आहे.

उसने शब्द : दोन्ही कुलांचा दीर्घ संपर्क निर्विवाद आहे. फिनिश ‘साता’ व हंगेरियन ‘साझ’ (शंभर) हे इंडो-इराणी शाखेतून, म्हणजे संस्कृत ‘शत’च्या आप्तातून आले, फिनिश ‘वासारा’ (हातोडा) ‘वज्र’शी जोडला जातो. फिनिश ‘मेसि’ व हंगेरियन ‘मेझ’ (मध) यांचे ‘मधु’शी नातेही उसनवारीचेच मानले जाते. ‘वेसि’ (पाणी) व ‘निमि’ (नाव) हे ‘उदक’ व ‘नामन्’ यांच्याशी जुळतात. ते वारशाने आले की उसने घेतले गेले, याबद्दल मतभेद आहेत.