चारच मावळे

परवा रविवारी भाचा आला तो चपला काढायच्या आत लॅपटॉप उघडूनच. "मामा, पटकन सांग, यातला कुठला पॅक घेऊ?"

आता मला काय कळतंय त्यातलं! पण मामा झालं की अडाणीपणा कबूल करता येत नाही. म्हटलं, आधी चहा घेऊ, मग बघू.

त्याचं प्रकरण असं आहे. तो एक गेम बनवतोय. नुसत्या गोळीबाराचा नव्हे, ज्यात आपण एखादं पात्र व्हायचं, गावभर हिंडायचं, लोकांशी बोलायचं, कोडी सोडवायची, तसला. रोल प्लेइंग गेम. गोष्ट घडते पुण्यात, नानासाहेब पेशव्यांच्या काळात. कात्रजच्या तलावाचं पाणी दगड-विटांच्या भुयारी नळातून शहरात येतं आणि पेठांतल्या हौदांत पडतं. एक दिवस एक हौद कोरडा पडतो. का, ते शोधायला माळ्याची अकरा वर्षांची मुलगी निघते, एकेका उच्छ्वासापाशी थांबत थेट कात्रजपर्यंत. (उच्छ्वास म्हणजे नळातली हवा बाहेर पडावी म्हणून बांधलेले ते दगडी खांब. अजूनही काही उभे आहेत, आपण त्यांच्या बाजूने गाडी काढून पुढे जातो.)

गोष्ट मला एकदम आवडली. अडलं होतं ते त्या मुलीच्या कपड्यांवर.

हे गेम करायचं सॉफ्टवेअर मूळचं जपानी. 'आरपीजी मेकर' नाव, १९९२ पासून त्याच्या आवृत्त्या निघतायत. अलीकडच्या आवृत्त्यांत पात्रं तयार करायचा एक कारखानाच असतो. चेहरा निवडा, केस निवडा, डोळे, अंगरखा, टोपी, तलवार. एकावर एक थर चढवत गेलं की माणूस तयार! सोबत आलेले भाग पुरेनासे झाले की वरून जादा संच विकत घ्यायचे. मध्ययुगीन युरोपचे सरदार, सामुराई, चेटकिणी, समुद्री चाचे, भविष्यातले अंतराळवीर. हवं ते आहे. नाही ते फक्त एकच, काष्टा घातलेली मुलगी.

"हा बघ, यात साडी आहे," तो म्हणाला. होती खरी. समोरून पदर वगैरे व्यवस्थित. मग त्याने बटण दाबून तिला पाठमोरी केली आणि मागून तो साधा झगा निघाला.

तो हिरमुसला होता, कारण दिवाळीत मिळालेल्या पैशातले निम्मे आधीच एका संचावर घालवून बसला होता. त्या संचातली माणसं याच्या बाकीच्या माणसांशेजारी उभी केली की दीडपट उंच दिसत. आता उरलेल्या पैशात एकच मोठा संच येणार होता. नाहीतर मुलीऐवजी एखादा पोरगा घ्यायचा, त्याला साधा सदरा चालेल, असंही त्याने ठरवत आणलं होतं. म्हणजे हौद शोधायला निघालेली ती मुलगी केवळ कपडे मिळाले नाहीत म्हणून गोष्टीतून बाद होणार होती!

मला त्या क्षणी आठवला आमचा किल्ला.

पुण्यात वाढलेल्यांना सांगायला नको. सहामाही परीक्षेचा शेवटचा पेपर टाकला की दगड, विटा, फुटकी कौलं, गोणपाट आणि चिखल. बुरुज उभे राहिले की वर हळीव नाहीतर मोहरी पेरायची. आणि मग कुंभारवाड्यात चित्रं आणायला जायचं. चित्रं म्हणजे मातीची, रंगवलेली. सिंहासनावरचे महाराज, ढाल-तलवारवाले मावळे, तुतारीवाला, तोफ, गवळण, गुहेत बसवायचा वाघ. बाबांचा नियम होता, दर वर्षी नवीन चारच. रडलं तरी पाचवं नाही.

त्या चारच्या नियमाने काय केलं, ते मला आत्ता कळतंय. दुकानात जायच्या आधी भाऊ आणि मी किल्ल्यासमोर बसून हिशेब करायचो. गेल्या वर्षीचे किती वाचले? कुणाचा हात तुटलाय? दरवाज्यावर पहारा नाही, म्हणजे दोन मावळे हवेत. गेल्या वर्षीचा मावळा टीचभर आणि या वर्षीचा वीतभर असला तर शेजारी चालतील का? (चालत नसत. मग मोठा पुढे पायथ्याशी आणि छोटा मागे माचीवर, म्हणजे लांबचा लहान दिसतो असं सांगता येई.) दुकानात काय सुंदर आहे, यापेक्षा आपल्या किल्ल्यावर काय कमी आहे, हे आधी ठरलेलं असायचं.

गंमत म्हणजे या सगळ्या गेम्सचा आद्य पुरुषही आमच्यासारखाच निघाला. अमेरिकेतल्या विस्कॉन्सिन राज्यातल्या लेक जिनिव्हा गावचा गॅरी गायगॅक्स. त्याने आणि डेव्ह आर्नेसनने १९७४ साली 'डंजन्स अँड ड्रॅगन्स' काढला, आणि तिथून रोल प्लेइंग गेम हा प्रकार जगभर गेला. त्याआधी ही मंडळी टेबलावर शिशाचे छोटे सैनिक मांडून लढाया खेळत. सैनिक मिळत, पण राक्षस कुठून आणायचे? गायगॅक्सने हाँगकाँगहून येणारी स्वस्तातली प्लॅस्टिकची खेळणी आणली. धड डायनासोर नाहीत, धड कशासारखीच नाहीत अशी ध्यानं. त्यांना त्याने नावं दिली, स्वभाव दिले. लोखंड गंजवून खाणारा एक प्राणी, अर्धं घुबड अर्धं अस्वल असा दुसरा. आज जगभरचे खेळाडू त्या राक्षसांना ओळखतात, आणि त्यांचं मूळ खेळण्यांच्या पिशवीत आहे! आमच्या किल्ल्यावरही मावळ्यांच्या रांगेत एक हिरवा प्लॅस्टिकचा बंदूकवाला सैनिक असायचाच. तो फितूर होता, असं आम्ही ठरवलं होतं.

आपल्याकडची ही कला त्याहून कितीतरी जुनी. कुडाळजवळच्या पिंगुळीचे ठाकर समाजाचे चित्रकथी वर्षानुवर्षं हेच करत आले. एका आख्यानाची सुटी चित्रं, पाठीला पाठ लावून चिकटवलेली, असा एक गठ्ठा म्हणजे एक पोथी. गाता गाता एकेक चित्र समोर धरायचं. सावंतवाडीच्या संस्थानाने त्यांना आश्रय दिला. पिंगुळीच्या परशुराम गंगावणे यांना २०२१ साली पद्मश्री जाहीर झाली ती याच परंपरेसाठी. पुण्यात ही चित्रं बघायची तर शुक्रवार पेठेतल्या राजा दिनकर केळकर संग्रहालयाच्या संग्रहात आहेत, 'पैठण शैली' म्हणून ओळखली जाणारी. बाजूने काढलेले चेहरे, मोठाले डोळे, ठसठशीत रंग. काका केळकरांनी आयुष्यभर गोळा केलेला संग्रह १९७५ साली शासनाच्या हवाली केला. घरातल्या साध्यासुध्या वस्तूही माणसं टाकून देतील म्हणून ते धडपडले, त्यामुळे आपल्याला आज त्या दिसतात.

त्या चित्रांत मला एक गोष्ट जाणवते. एका पोथीतली माणसं एकमेकांची नातलग वाटतात. राजा, राक्षस, दासी, सगळ्यांचे डोळे एकाच घरातले. म्हणून चित्र बदललं तरी गोष्ट तुटत नाही. भाच्याच्या फसलेल्या संचात चित्रं वाईट नव्हती. ती दुसऱ्या पोथीतली होती, एवढंच.

हे सगळं त्याला सांगितलं. तो म्हणाला, "पण मामा, कपडे थोडे चुकले तर काय बिघडतं? कोण बघतंय?"

बिघडतं रे. शिवाजी महाराजांचंच घे. एके काळी भलत्याच माणसाचं, इब्राहिमखानाचं चित्र महाराजांचं म्हणून छापलं जात होतं. वा. सी. बेंद्रे यांनी जुने कागद धुंडाळून डच लोकांकडचं महाराजांचं चित्र मिळवलं आणि १९३३ साली ते लोकांसमोर आणलं. त्याआधी ज्या मुलांनी डोळे मिटून महाराज आठवले असतील, त्यांना कोण दिसलं असेल? हाताशी असलेलं चित्र एकदा डोक्यात बसलं की तेच खरं होतं. तुझा गेम खेळणारं एखादं पोर उद्या पेशवाईतली मुलगी म्हणून तो झगाच आठवेल.

त्यावर तो जरा गप्प झाला. मग म्हणाला, "निदान पगडी तरी सोपी आहे." तीही नाही! पुणेरी पगडी म्हटलं की आपल्या डोळ्यांसमोर न्यायमूर्ती रानडे आणि लोकमान्य येतात. ते एकोणिसाव्या शतकातले. तिला २००९ साली भौगोलिक मानांकन मिळालं म्हणून ती १७५० मध्ये कुणाच्याही डोक्यावर चढवता येत नाही. त्या काळाच्या जवळ जायचं तर जुनी चित्रं बघायला हवीत. पुण्याचाच गंगाराम तांबट हा चित्रकार १७९० च्या सुमारास इंग्रज वकील मॅलेटसाठी चित्रं काढत होता. पेशव्यांच्या शिकारखान्यातला गेंडासुद्धा त्याने काढून ठेवलाय. चाळीसएक वर्षं नंतरचा आहे, पण इथला, डोळ्यांनी बघून काढणारा माणूस.

मग आम्ही वही घेऊन बसलो. बाबांचा नियम लावला. उरलेल्या पैशाला हात लावायचा नाही, आधी काय कमी आहे ते लिहायचं.

लिहिता लिहिता मलाही बरंच कळलं. त्या सॉफ्टवेअरच्या 'एमव्ही' आवृत्तीत चालणाऱ्या माणसाची बारा चित्रं लागतात, चार दिशा आणि प्रत्येक दिशेला तीन. बाजूने दिसणारी लढाई ठेवली तर त्याच माणसाची आणखी चोपन्न. म्हणजे एक काष्टा काढायचा तर तो सहासष्ट वेळा! भाचा वहीकडे बघत बसला आणि एकदम म्हणाला, "पण ती लढत कुठे? ती तर पाणी शोधतेय." लढाई गेली. चोपन्न चित्रं गेली. मला तर वाटतं, गेम तिथे सुधारला.

दुसरा प्रश्न परवान्याचा. विकत मिळणाऱ्या बऱ्याच संचांच्या अटींत असतं की चित्रं तुमच्या गेममध्ये खुशाल वापरा, पण सुटी काढून इतरांना वाटू नका. यात गैर काही नाही, कुणाच्या तरी पोटाचा धंदा आहे. पण २०१२ साली 'लिबरेटेड पिक्सेल कप' नावाची एक स्पर्धा झाली होती. तिच्यातली चित्रं सगळ्यांनी वापरावीत, बदलावीत, पुढे द्यावीत अशा मोकळ्या परवान्याखाली आहेत. अट इतकीच की मूळ चित्रकारांची नावं द्यायची आणि आपण केलेला बदलही तसाच मोकळा ठेवायचा. तिथल्या चालण्याची चित्रं मात्र दिशेला नऊ, म्हणजे एकूण छत्तीस. बाराऐवजी छत्तीस! मी म्हटलं, बघ बाबा, सोपं आहे ते घे.

त्याने थोडा विचार केला. "पण छत्तीसवालं केलं तर दुसऱ्या कुणाला काष्टा हवा असेल तर मिळेल ना?"

मी काही बोललो नाही. चहाचे कप उचलून आत गेलो.

नंतरचा तासभर माझ्या आईचा होता. तिने कपाटातून नऊवारी काढली, नेसली, आणि भाचा हातात वही घेऊन "आजी, आता डावीकडे... आता पाठ कर... आता एक पाय पुढे" करत बसला. "अरे, माझ्या लग्नातसुद्धा इतकं कुणी बघितलं नव्हतं मला," असं ती म्हणाली, पण वळली मात्र प्रत्येक वेळी. चालताना काष्टा मागे कसा हलतो, पोटऱ्या किती दिसतात, धावायचं झालं तर पदर कुठे खोचतात, हे तिने दाखवलं. आम्हा दोघांनाही ते ठाऊक नव्हतं. मी जन्मभर तिला नऊवारीत बघत आलोय आणि पाठमोरं असं कधी पाहिलंच नव्हतं.

आत्तापर्यंत अकरा चित्रं झालीत. पंचवीस बाकी. पैसे तसेच आहेत.

असो. लिहिता लिहिता माळ्यावर चढून जुना खोका उघडला. मावळे सहा निघाले, पैकी दोघांना हात नाहीत. फितूर मात्र एकदम ठणठणीत आहे :-)

ता. क. : धाकट्या आत्याला विनंती, तुझ्याकडे आजीचा लुगड्यातला पाठमोरा फोटो असेल तर जरूर पाठव. समोरून काढलेले सगळ्यांकडेच आहेत.