निवडणूक याचिकेचा उंबरठा : मुंबई व उपनगरांतील तीन खटले

प्रस्तावना :
निवडणुकीचा निकाल मतमोजणी केंद्रावर लागतो. मात्र त्याविरुद्धच्या याचिकेचा निकाल पुष्कळदा साक्षीपुरावा सुरू होण्यापूर्वी, केवळ तिच्या मसुद्यावरून लागतो. प्रस्तुत लेखात तीन खटल्यांच्या आधारे या प्रक्रियात्मक अटींचा ऐतिहासिक आढावा घेतला आहे.

कायद्याची चौकट :
लोकप्रतिनिधित्व अधिनियम, 1951 नुसार उमेदवार निवडून आल्यापासून 45 दिवसांत याचिका दाखल करावी लागते. मुदत, आवश्यक पक्षकार व अनामत रक्कम यांविषयीच्या कलम 81, 82 व 117 चे पालन न झाल्यास कलम 86 अन्वये ती फेटाळणे बंधनकारक आहे. 1966 च्या दुरुस्तीने अशा याचिका न्यायाधिकरणांऐवजी उच्च न्यायालयाकडे आल्या. सारभूत तथ्ये मांडण्याची अट घालणाऱ्या कलम 83 चा कलम 86 मध्ये समावेश नाही. तथापि अशा तथ्यांअभावी वादकारणच सिद्ध होत नाही; म्हणून दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 7, नियम 11 खाली याचिका फेटाळली जाते.

तीन खटले :
1967 मध्ये दक्षिण मुंबईतून जॉर्ज फर्नांडिस यांनी स. का. पाटील यांचा पराभव केला. त्या निवडीला एका मतदाराने आव्हान दिले. मुदत संपल्यावर दुरुस्तीच्या मार्गाने नवे भ्रष्टाचाराचे आरोप जोडता येणार नाहीत, असे 1969 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ठरविले व याचिका अयशस्वी झाली.

याउलट विलेपार्ले विधानसभा पोटनिवडणुकीत (डिसेंबर 1987) डॉ. रमेश प्रभू यांच्याविरुद्ध प्रभाकर कुंटे यांनी केलेली याचिका यशस्वी ठरली. तिचा आधार बाळ ठाकरे यांची 29 नोव्हेंबर, 9 व 10 डिसेंबर 1987 ची प्रचारभाषणे हा होता. उच्च न्यायालयाने 1989 मध्ये ती निवड रद्द केली. 11 डिसेंबर 1995 रोजी सर्वोच्च न्यायालयाने तो निर्णय कायम ठेवला.

2024 मध्ये अंधेरी, जोगेश्वरी, गोरेगाव आदी भागांच्या वायव्य मुंबई मतदारसंघात रवींद्र वायकर अवघ्या 48 मतांनी विजयी झाले. अमोल कीर्तिकर यांच्या याचिकेत 333 प्रदत्त मतांचा, म्हणजे आपल्या नावावर आधीच कोणी मतदान केल्याचे आढळल्यावर मतदाराने दिलेल्या मतांचा, मुद्दा होता. सारभूत तथ्यांअभावी उच्च न्यायालयाने 19 डिसेंबर 2024 रोजी ती फेटाळली.

निष्कर्ष :
जनादेश मोघम आरोपांनी वर्षानुवर्षे टांगणीला लागू नये, हा या अटींमागील हेतू रास्त आहे. परंतु भाषण हजारोंच्या समक्ष होते. त्याचा दिनांक व आशय याचिकाकर्त्याला सहज मांडता येतो. मतदान व मतमोजणीची कागदपत्रे मात्र निवडणूक यंत्रणेच्या ताब्यात असतात. त्यातच 20 डिसेंबर 2024 रोजी निवडणूक संचालन नियम, 1961 मधील नियम 93 दुरुस्त करून तपासणीस खुल्या कागदपत्रांची कक्षा मर्यादित करण्यात आली. तपशिलाची अट कठोर ठेवावयाची असेल, तर तो तपशील 45 दिवसांत उपलब्ध करून देणे हेही कायद्याचे कर्तव्य ठरते. अन्यथा एकच नियम भाषणाविरुद्धच्या तक्रारीला दार उघडतो आणि मतमोजणीविरुद्धच्या तक्रारीला ते बंद करतो, असे म्हणावे लागेल.