डालग्याखालचं पिल्लू

१९६५ च्या सुमारास चिंचवड गावठाणात आमच्या अंगणात आठ-दहा कोंबड्या होत्या. शाळेतून आलो की पिल्लं राखायचं काम माझं.

घार आल्याचं कोंबडीला आधी कळायचं. मान तिरपी करून एका डोळ्यानं वर बघायची, घशातून लांब ‘कर्रर्र’ काढायची, की पिल्लं पंखाखाली. बाहेर राहिलेली मी बांबूच्या डालग्याखाली ढकलायचो आणि वर दगड ठेवायचो, कारण मांजरही टपलेलं असायचंच. शेजारच्या मावशी पिल्लांना गुलाबी रंग लावायच्या, घार बिचकते म्हणून. आई हसायची. जायची तेव्हा त्यांचीही पिल्लं जायचीच. आईचा भरवसा एकाच गोष्टीवर, अंगणात माणूस उभं पाहिजे.

१९५४ साली पिंपरीत हिंदुस्थान अँटिबायोटिक्स आली होती. १९६२ मध्ये एमआयडीसी स्थापन झाली, मग आमच्याकडची शेतं भराभर गेली. मीही लेथवर लागलो. १९८२ ला महापालिका झाली तोवर घरच्या कोंबड्या संपल्या, डालगं माळ्यावर गेलं.

घारी मात्र राहिल्या. मटणाच्या दुकानामागचे तुकडे, मोशीचा कचरा डेपो, उंच निलगिरी, आता मोबाइलचे टॉवर. जनावरांना दिल्या जाणाऱ्या डायक्लोफिनॅकनं गिधाडं देशभर मेली. त्या औषधावर २००६ मध्ये बंदी आली, पण आकाश तोवर रिकामं झालं होतं. घारीला शहर मानवलं.

गेल्या मार्चमध्ये नातीनं पॉमेरेनियन कुत्र्याचं पिल्लू आणलं, दोन महिन्यांचं, कापसाच्या बोळ्याएवढं. सातव्या मजल्याच्या गच्चीवर ते खेळत असताना डोक्यावरून सावली सरकली आणि घार हातभर अंतरावरून सूं करून गेली. नात किंचाळली. मी माळ्यावरून डालगं काढलं. पिल्लानं ते दहा मिनिटांत कुरतडलं!

घारीचं वजन किलोभराच्या आत असतं, त्यामुळे वाढलेलं पॉमेरेनियन तिच्यानं उचलवत नाही. पण पिल्लाच्या डोळ्याला नखं लागायला वजन लागत नाही. आणि ही घार भक्ष्यासाठी आलीच नव्हती. समोरच्या टॉवरवर तिचं घरटं होतं, कुणी जवळ गेलं की ती झडप घालायची. सोसायटीत एकानं घरटं पाडायचं सुचवलं. घारीला १९७२ च्या वन्यजीव कायद्याचं संरक्षण आहे, हे मीच मीटिंगमध्ये सांगितलं. खरं तर कायदा नसता तरी मी नाहीच म्हटलं असतं. तिची पोरं वर, आमचं खाली.

अंडी उबायला महिना, पिल्लं उडायला आणखी दीड महिना. तेवढे दिवस कुत्र्याच्या पिल्लाला गच्चीवर एकटं सोडू नका. मी छत्री उघडून त्याच्याजवळ उभा राहायचो. मेअखेर घरटं रिकामं झालं.