पार्थेनियम (गाजरगवताची प्रजाती)

सूर्यफुलाच्या (ॲस्टरेसी) कुलातील एक लहान प्रजाती. लिनीअस यांनी १७५३ मध्ये तिचे वर्णन केले. तिच्यात सुमारे १६ जाती असून त्या मूळच्या अमेरिकेतील आहेत. काही ओषधी, तर काही झुडपे आहेत.

बार्शीटाकळी (जि. अकोला) परिसरात ही प्रजाती ठाऊक आहे ती पा. हिस्टेरोफोरस या एकाच जातीमुळे. म्हणजेच गाजरगवत किंवा काँग्रेस गवत. ते झुडूप नव्हे आणि गवतही नव्हे, तर मीटर-दीड मीटर वाढणारी वर्षायू ओषधी आहे. कपाशी, सोयाबीन व तुरीच्या शेतातून ते निंदण-डवरणात निघते. पण धुरे, पडीत जमीन, उकिरडे आणि रस्त्याच्या कडा त्याला मोकळ्याच सापडतात. ओल असली की ते पावसाळ्याबाहेरही उगवते.

फुलोऱ्याचे स्तबक लहान व पांढरे असते. त्यातील कडेच्या पाच किरणपुष्पकांनाच बी धरते, मधली बिंबपुष्पके नर असतात. म्हणजे एका स्तबकात फार तर पाच बिया. तरीही एका जोमदार झाडापासून पंधरा हजारांवर बिया पडतात, यावरून स्तबकांची संख्या लक्षात यावी. म्हणून फुलण्यापूर्वी उपटणे हाच खरा उपाय. तेव्हा त्याचे कंपोस्टही करता येते. गाजरगवतातील पार्थेनिन या द्रव्यामुळे कातडीला खाज व पुरळ येते, तर परागांमुळे श्वसनाचा त्रास होतो. जनावरे सहसा त्याला तोंड लावत नाहीत. खाल्लेच तर दूध कडवट होते.

हे तण ‘पीएल-४८०’ योजनेतील अमेरिकी गव्हातून आले, असे सर्रास सांगितले जाते. तारखा मात्र जुळत नाहीत. पुण्यात कचऱ्याच्या ढिगांवर ही झाडे १९५१ मध्येच दिसली होती व वनस्पतिशास्त्रज्ञ राव यांनी त्यांची नोंद १९५६ मध्ये प्रसिद्ध केली. या योजनेमागचा अमेरिकी कायदा १९५४ चा आणि भारताशी करार १९५६ चा. दुसऱ्या एखाद्या धान्यातून बी आले असेल, पण दोष या योजनेवर टाकता येत नाही.

झायगोग्रामा बायकोलोराटा हा पाने खाणारा मेक्सिकन भुंगेरा या तणाच्या बंदोबस्तासाठी १९८३ मध्ये बंगळूरला आणला गेला. पुढे तो सूर्यफुलाच्या पानांवरही दिसल्याने वाद उठला. कुल एकच असल्याने ती शंका अगदीच अनाठायी नव्हती. पावसाळ्यात तो झाडाची चाळण करतो, कोरड्या दिवसांत मात्र जमिनीत दडून बसतो. जबलपूरची तण संशोधन संस्था दरवर्षी १६ ते २२ ऑगस्टला गाजरगवत जागृती सप्ताह पाळते.

याच प्रजातीतील पा. अर्जेंटेटम (ग्वायुले) हे उत्तर मेक्सिको व टेक्ससच्या वाळवंटी भागातील करड्या पानांचे झुडूप रबरासाठी मोलाचे आहे. रबर सालीच्या पेशींत असल्याने चीक काढता येत नाही, झुडूपच चिरडावे लागते. दुसऱ्या महायुद्धात आग्नेय आशियातील रबर जपानच्या हाती गेल्यावर अमेरिकेने १९४२ मध्ये त्याची मोठी लागवड केली. युद्धानंतर कृत्रिम रबर उपलब्ध झाल्यावर ती मोडून टाकण्यात आली.