तलावावर उभी मुंबईची जामा मशीद

क्रॉफर्ड मार्केटजवळची ही मशीद १८०२ साली पूर्ण झाली. इथे पूर्वी एका कोकणी मुस्लिम दोरखंड व्यापाऱ्याची बाग आणि तलाव होता. जागा द्यायला तो आधी राजी नव्हता. तलाव जसाच्या तसा ठेवायचा, या अटीवर त्याने होकार दिला. तो शब्द दोनशे वर्षं पाळला गेलाय, आम्हाला याचंच जास्त अप्रूप वाटतं. हौजात आजही झऱ्यांचं पाणी आहे, मासे आहेत, कासवंसुद्धा! पाण्यातून वर आलेल्या काळ्या दगडाच्या सोळा कमानी १८७४ च्या. सगळी इमारत त्यांनीच तोललीय. वरच्या मजल्यावर लाकडी खांबांच्या पाच रांगा आहेत. मंगलदास मार्केटच्या गर्दीतून आलेले नमाजी याच पाण्याने वुजू करतात.