फिरोजशहाचे कारागीर

पुण्यात फरासखाना म्हटले की पोलीस चौकी डोळ्यांपुढे येते. मुळात तंबू, कनाती, गालिचे सांभाळणारे ते सरकारी खाते. जामदारखाना, पीलखाना हे शब्दही मराठी दफ्तरांत भेटतात आणि शिवकालातले अठरा कारखाने तर आपल्याला ठाऊकच आहेत. पण असे कारखाने त्याच्या तीनशे वर्षे आधीच दिल्लीत नांदत होते. फिरोजशहा तुघलकाच्या कारकिर्दीत (१३५१-१३८८) त्यांची संख्या छत्तीस होती.

शम्स सिराज अफीफ या इतिहासकाराने त्यांची हकिकत लिहून ठेवली आहे. हत्ती, घोडे, उंट, मुदपाकखाना अशा कारखान्यांना ठरीव नेमणूक होती. त्यांवर दरमहा १ लाख ६० हजार टंके खर्च होत. वस्त्रे, निशाणे, गालिचे यांचा खर्च वेगळा.

माणसे कुठून येत? सुलतानाने कोतवालाला हुकूम दिला होता की शहरातले बेकार हुडकून आपल्यापुढे हजर करावेत. मोहल्ल्यामोहल्ल्यांतून चौकशी होई. लेखणी चालवणारा कारखान्यात जाई, कारभाराची जाण असलेला वजीर खानेजहानकडे. कोणाला एखाद्या अमिराच्या पदरी राहायचे असले तर सुलतान स्वतः शिफारस करी. हा खानेजहान म्हणजे तेलंगणातून आलेला, मुसलमान झालेला मक्बूल. त्याला लिहितावाचता येत नव्हते. राज्य मात्र तोच चालवीत होता!

आपल्याकडच्या व्याख्यानांत एवढे सांगून टाळ्या घेतल्या जातात. कालवे, दवाखाने, बागा यांच्या जोडीला ही व्यवस्थाही फिरोजशहाच्या खाती जमा होते. व्हावीही. पण अफीफने गुलामांविषयी जे लिहिले आहे ते आपण सहसा वाचून दाखवत नाही.

मोहिमेत पकडलेल्या माणसांतून चांगली निवडून दरबारी पाठवावीत, असे सुभेदारांना फर्मान होते. निरनिराळ्या मुलखांतली ही माणसे, निरनिराळ्या बोलींची. कोणी कुराण पाठ करी, कोणी किताबांच्या नकला करी, कोणी उस्तादाच्या हाताखाली धंदा शिके. राजधानीत आणि परगण्यांत मिळून त्यांची संख्या १ लाख ८० हजारांवर गेली आणि त्यांतले सुमारे १२ हजार नाना तऱ्हेचे कारागीर झाले. दहापासून शंभर टंक्यांपर्यंत तनखा, वेगळा दिवाण, वेगळा खजिना. आजच्या एखाद्या खात्याला हेवा वाटावा अशी ही शिस्त. फक्त हुन्नर शिकलेला हात त्या माणसाच्या मालकीचा नव्हता.

१३८८ साली सुलतान वारला. तख्तासाठी झुंज लागली आणि गुलाम तीत ओढले गेले. दोन वर्षांनी नासिरुद्दीन मुहंमदशहाने हुकूम काढला: फिरोजशाही गुलामांनी तीन दिवसांत दिल्ली सोडावी. कित्येक जण मागेच राहिले. आम्ही इथलेच, असे म्हणू लागले. तेव्हा त्यांना एक शब्द उच्चारायला लावला. ज्यांच्या तोंडून तो पूरब किंवा बंगालच्या वळणाने आला, त्यांना ठार केले गेले. वर्षानुवर्षे दिल्लीत राहून काम शिकलेली ती माणसे, जिभेवरून पारखली गेली. सुलतानाच्या या लाडक्या गुलामांच्या मुंडक्यांचे दरबारापुढे ढीग लागले, असे अफीफ लिहितो.

पुढे १३९८ मध्ये तैमूर आला. त्यानेही दिल्लीतले कारागीर वेचून काढले. समरकंदच्या जामा मशिदीसाठी पाथरवट स्वतःकडे ठेवले आणि बाकीचे शहाजाद्यांत व अमिरांत वाटून टाकले.